अवेळी छाटलेला कुंद

ऑक्टोबर अर्धा सरला की आमच्या कॉलनीत माळी कात्री घेऊन दारोदार फिरायला लागतो. पाऊस गेलेला असतो, उन्हाला धार आलेली असते आणि प्रत्येक कुंपणाच्या आतून कच् कच् असा आवाज येत राहतो. गुलाबाच्या छाटणीचे हे दिवस. ताज्या कापलेल्या हिरव्या फांदीला एक ओला, तुरट वास असतो. माझ्या वयाच्या बायकांना या दिवसांत दिवाळी आठवत असेल, भाजणी आठवत असेल. मला त्या वासानं लाज आठवते. मी खिडकी लावून घेते.

कात्री हातात धरायला मला अण्णांनी शिकवलं. माझे वडील. बारामतीत शाळामास्तर होते. आमच्या दोन खोल्यांच्या घरापुढं हातभर जागा होती आणि तीत चार गुलाब होते. दिवाळीची सुट्टी लागली की अण्णा सदऱ्याच्या बाह्या सारून त्या चार झाडांपुढं उकिडवे बसायचे, आणि शेजारी मी. "वाळकं आधी काढायचं. मग एकमेकांत घुसलेलं. मग उरलेल्या फांदीवर कोंबाचा डोळा शोधायचा, बाहेर तोंड केलेला, आणि त्याच्या वर बोटाच्या पेराएवढं सोडून तिरका काप घ्यायचा. तिरका का? पाणी साचून कुजू नये म्हणून." कात्री पुण्याहून आणलेली होती, लाल मुठीची. मी दहा-अकरा वर्षांची असल्यापासून दोन झाडं त्यांची आणि दोन माझी. शेजारपाजारचे बघायला यायचे, आणि अण्णा म्हणायचे, "मुलीचा हात माझ्यापेक्षा हलका आहे." लग्न ठरलं तेव्हा ती कात्री त्यांनी आपण होऊन माझ्या ट्रंकेत ठेवली.

सासर लासुर्ण्याला. पन्नास साल उलटून तीन-चार वर्षं झाली असतील. कालव्याच्या पाण्यावर ऊस, वांगी, मिरच्या, कडेला थोडी केळी. पलीकडच्या साखर कारखान्याचा भोंगा झाला की आमच्याकडं भाकरीची वेळ व्हायची. मी सातवी पास होते, पत्रं वाचून दाखवायची, पण बाकी सगळ्यात मागं. शेणी थापताना माझ्या फुटायच्या, वैरणीचा भारा डोक्यावरून सरकायचा, दारं धरायला गेले तर पाणी भलत्याच सरीत शिरायचं. कुणी रागवत नसे. हसत मात्र असत. "मास्तराची ल्येक हाय, चालायचंच," असं सासरे म्हणायचे. त्यांना आम्ही आबा म्हणत असू. ते हसणं मायेचं होतं, हे आज कळतं. तेव्हा ते मला टोचायचं. मला एक तरी गोष्ट अशी दाखवायची होती, जी या घरात फक्त मला येते.

गोठ्याकडं जाणाऱ्या वाटेवर एक कुंद होता. जुना, पसरलेला, कुणी कधी हात न लावलेला. त्याच्या लांब वेलासारख्या फांद्या वाटेवर लोळायच्या, जाता-येता पातळाला अडकायच्या. पावसाळाभर तो नुसता हिरवा असे. पण मार्गशीर्ष लागला की एकेका डहाळीच्या टोकाला पांढऱ्या चांदण्यांचे झुबके यायचे आणि माघ संपेपर्यंत थांबायचे नाहीत. मी पहिल्या वर्षी ते पाहिलं होतं. आणखी एक गोष्ट पाहिली होती. आबा मोठे करडे गृहस्थ. सासूबाईंशी, म्हणजे आमच्या आत्याबाईंशी, चार माणसांत बोललेलं मी त्यांना क्वचित ऐकलं. आत्याबाई पहाटे दळायला बसत. थंडीच्या दिवसांत आबा गोठ्यातून येताना त्या कुंदाची ओंजळभर फुलं आणत आणि जात्याच्या कडेला ठेवून, एक शब्द न बोलता, चुलीपाशी शेकायला जात. आत्याबाई दोन फुलं अंबाड्यात खोचत, उरलेली देवाला वाहत. हे रोज. वर्षातले तीन महिने. बाकीच्या नऊ महिन्यांत त्यांनी आत्याबाईंना काही दिलेलं मला दिसलं नाही.

दुसऱ्या वर्षी आश्विनाच्या सुरुवातीलाच बाजरी निघाली आणि मोकळ्या रानात आबांनी धनगराचा वाडा बसवून घेतला. मेंढ्या रात्रभर रानात बसल्या की त्यांच्या लेंड्यांनी जमीन कसदार होते, म्हणून शेतकरी त्यांना बोलावतातच. बिरू आणि त्याची बायको ठकूबाई. शेदीडशे मेंढ्या, पाच-सहा शेळ्या, एक घोडी, दुरडीखाली कोंबड्या. पुढं कोकणाच्या वाटेला लागायचं होतं, पण ठकूबाई आमच्या रानातच बाळंत झाली होती, म्हणून मुक्काम वाढला होता. महिनाभर हलू नका, असं आबांनीच सांगितलं होतं. मी रोज तिला तांब्याभर कढत पाणी, कधी तिखट-मीठ लावलेली भाकरी नेऊन द्यायची. ती माझ्याच वयाची. बाळाला मांडीवर घेऊन शेकत बसायची आणि मला विचारायची, "वैनी, पुस्तकात धनगरांचं काय लिवल्यालं असतंय का वो?" मी म्हणायची, असेल, शोधते. तिच्या शेळ्यांत एक तांबडी शेळी होती, कपाळावर पांढरा ठिपका असलेली. ती तिनं माहेराहून आणलेली. माझ्या कात्रीसारखीच, मी म्हटलं होतं, आणि आम्ही दोघी हसलो होतो.

दिवाळीनंतरच्या आठवड्यात घरातले सगळे बारामतीच्या बाजाराला गेले. मी एकटी. ट्रंकेतून कात्री काढली आणि कुंदापुढं उभी राहिले. अण्णांचा प्रत्येक शब्द मला पाठ होता. वाळकं काढलं, घुसलेलं काढलं, आणि मग हात चढत गेला. गुडघाभर उंचीवर, सगळीकडून सारखा, प्रत्येक काप डोळ्यावर आणि तिरका. डहाळ्यांच्या टोकांशी मोहरीएवढ्या हिरव्या गाठी होत्या. त्या मला दिसल्या. गुलाबाला अशा गाठी नसतात, इतकंच मनात आलं, आणि मी कापत राहिले. तासाभरानं झाड इतकं नीटस दिसत होतं की मी दोनदा मागं सरून पाहिलं.

कापलेल्या फांद्यांचा मोठा ढीग झाला होता. मी त्या कवेत घेऊन बांधावर गेले आणि शेळ्यांपुढं टाकल्या. ठकूबाई आपल्या कापडी पालातून म्हणाली, "बरं झालं वैनी, आज पाल्याला जायला नको."

बैलगाडी परतली तेव्हा उन्हं उतरली होती. आबा आधी उतरले. त्यांनी वाटेवरचा कुंद पाहिला, म्हणजे कुंदाची खुंटं पाहिली, आणि तिथंच थांबले. मग त्यांची नजर बांधाकडं गेली. ती तांबडी शेळी कुंदाची डहाळी तोंडात धरून चघळत उभी होती.

मी दारात होते. कात्री हातात होती. तोंडाशी वाक्य आलेलं होतं, "आबा, बघा मी कसं छाटलंय." पण त्याआधी आबांचा आवाज फुटला. तसा आवाज मी त्या घरात कधी ऐकला नव्हता. "बिरू! अरं वीस वरसाचं झाड खाल्लं तुज्या शेळ्यांनी! रान दिलं, पानी दिलं, त्याचं हे पांग फेडलंस व्हय?"

मी कात्री पदराखाली घेतली. ते मी ठरवून केलं नाही. हातानं केलं.

बिरू धावत आला, हात जोडून उभा राहिला. तो काही म्हणायच्या आत ठकूबाई बाळाला घेऊन आली. ती खुंटांपाशी खाली बसली आणि एक फांदी बोटांत धरून म्हणाली, "आबा, ह्यो दाताचा घाव न्हाय. शेळी वरबाडती, साल वढती. हे बगा, कसं तिरकं साफ कापल्यालं हाय. एक न्हाय, समद्याच." मग तिनं माझ्याकडं पाहिलं. "वैनी, तुमी सांगा की. तुमीच तर पाला आणून टाकला."

आबा वळले. "सूनबाई, तू घरात हुतीस. काय झालं?"

मला खरं सांगायला चार शब्द पुरले असते. कदाचित आबा रागावले असते, कदाचित हसले असते, मास्तराची ल्येक म्हणाले असते. त्या हसण्याचीच मला भीती वाटली. मी म्हणाले, "मी आत होते आबा. मला काही माहीत नाही."

ठकूबाई माझ्याकडं बघत राहिली. तिच्या डोळ्यांत राग नव्हता. ऐकलेलं तिला नीट कळलंच नाही, असं काहीतरी होतं. आबा बिरूला म्हणाले, "चूल इजवा आन् वाट धरा. आत्ताच्या आत्ता. वर आनि बाईमानसावर आळ घेतीया."

गाडीतून उतरून आत्याबाई माझ्याजवळ आल्या. एवढा आरडाओरडा चालला होता, आणि त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि पदरावरून काहीतरी झटकलं. मला वाटलं, धीर देतायत.

दिवस मावळायच्या आत पाल उतरलं. घोडीवर बाज बांधली, भांडी बांधली. बाळ पंधरा दिवसांचं होतं. ठकूबाईनं ते झोळीत घालून पाठीशी बांधलं. जाताना ती आमच्या दारावरून गेली. मी पाण्यासाठी दिलेला तांब्या तिनं राखेनं घासून लख्ख केला होता. तो तिनं उंबऱ्यावर ठेवला आणि गेली. मेंढ्यांच्या घंटा कालव्याच्या कडेकडेनं ऐकू येत राहिल्या, मग थांबल्या.

थंडी पडली. मार्गशीर्षात आबा सवयीनं गोठ्यातून येताना कुंदापाशी थांबायचे. खुंटांना नवी पानं फुटली होती, पण फूल एकही नव्हतं. ते थोडा वेळ उभे राहायचे आणि रिकाम्या हातानं आत यायचे. आत्याबाई मान वर न करता दळत राहायच्या. पुढं पुढं आबा दुसऱ्या वाटेनं यायला लागले. मी चुलीपाशी बसून हे पाहायची आणि भाकरी करपायची.

माघात एकदा आम्ही दोघीच मिरच्या खुडत होतो. आत्याबाई सहज म्हणाल्या, "कुंद दिवाळीत छाटत न्हाईत, पोरी."

माझा हात थांबला.

"गुलाबाचं येगळं. गुलाब छाटल्यावर जी नवी फूट येती, तिलाच फुलं येत्यात. कुंदाचं तसं न्हाय. पावसाळ्यात जी काडी वाढती, तिच्या टोकाला थंडीत फूल. दिवाळीत तू कापलंस म्हंजी फुलंच कापलीस. ह्यो फुलून गेल्यावर छाटायचा. फाल्गुनात. मग पावसाळाभर त्याला वाढाय रान मिळतं."

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"तुज्या पदराला पाला हुता."

"मग तुम्ही बोलला का नाही?"

त्यांनी ओंजळीतल्या मिरच्या टोपलीत टाकल्या. "बोलले असते तर तू खोटी पडली असतीस, चार मानसांत, सासऱ्यापुढं. ती मान्सं चार दिसाची. तुला जल्मभर हितं नांदायचं हाय." टोपली पुढं सरकवत त्या म्हणाल्या, "मलाबी झोप लागली न्हाय त्या दिशी. पंधरा दिसाचं लेकरू हुतं."

त्यांनी मला वाचवलं होतं, आणि ज्यांच्या जिवावर वाचवलं ते त्या रात्री कुठं उतरले हे आम्हा दोघींनाही माहीत नव्हतं. उपकार असा अंगावर पडला की त्याचं काय करायचं? मी त्यांच्या पाया पडले नाही. पडले असते तर ते आणखी एक खोटं झालं असतं.

त्या फाल्गुनात आत्याबाईंनी मला कुंद छाटायला शिकवला. कात्रीनं नव्हे, विळ्यानं. सगळीकडून सारखा नाही. जुन्या, लाकूड झालेल्या फांद्या बुडातून काढायच्या, तीनात एक. कोवळ्या ठेवायच्या. मधे उजेड शिरला पाहिजे. आणि ज्येष्ठ संपला की त्याला हात लावायचा नाही, मग तो कितीही वेडावाकडा दिसो. पुढच्या थंडीत तो असा फुलला की वाट पांढरी झाली. आबा पुन्हा ओंजळ भरून आणू लागले. घरात सगळं पूर्वीसारखं झालं. मला ते पाहवत नसे.

माणूस चूक करतो तेव्हा त्याला कळत नसतं, असं पुष्कळ लोक म्हणतात. झाडाच्या बाबतीत मला कळत नव्हतं, हे खरं. अज्ञानाची मला लाज वाटत नाही. अर्धवट शिकलेल्या हातानं झाडं कापली जायचीच. पण "मला काही माहीत नाही" असं मी म्हणाले, ते मात्र पूर्ण माहीत असताना म्हणाले. त्यानंतर कितीदा तरी वाटलं, आज सांगू. आणि दर वेळी वाटलं, आता काय उपयोग. उशीर जितका होत गेला तितकं न सांगणं सोपं होत गेलं.

दोन वर्षं गेली. मला मुलगी झाली. आश्विन महिना होता. चार महिन्यांच्या पोरीला तेल लावून मी न्हाऊ घालत होते आणि बाहेर ओसरीवर कुणी म्हातारा धनगर आबांशी बोलत होता. बाजरी निघाल्यावर रानात वाडा बसवू का, असं विचारत होता. आबा म्हणाले, "न्हाय. ह्या रानात पुन्यांदा मेंढरू बसायचं न्हाय. एक डाव फसलोय. तुमच्या लोकास्नी खाल्ल्या घरची जाण नसती."

उठताना म्हाताऱ्यानं काठी टेकल्याचा आवाज आला. माझ्या हातात पोर होती, ओली, कढत पाण्यानं लाल झालेली. मी तिला फडक्यात गुंडाळलं आणि दाराआड उभी राहिले.

"आबा, कुंद मी छाटला होता."

"काय म्हनलीस?"

"बिरूच्या शेळ्यांनी नाही. मी. माझ्याकडच्या कात्रीनं. पालाही मीच टाकला. ठकूबाई खरं बोलत होती."

आबांच्या हातात पानतंबाखूची चंची होती, तिची दोरी ते गुंडाळत बसले. मला वाटलं होतं ते ओरडतील. ते त्या म्हाताऱ्याला म्हणाले, "बिरू कुठं असतोय सध्या?"

"लोणी देवकरच्या माळावर हायत. अजून खाली कोकणात उतरलं न्हाईत."

आबांनी माझ्या नवऱ्याला हाक मारली. "उद्या पहाटं गाडी जुप." मग दाराकडं न बघता मला म्हणाले, "तूबी चल. म्या एकला जाऊन काय सांगू? ते त्वांड तुजं हाय."

इंदापूरकडची ती वाट तेव्हा नुसती धूळ होती. हिरवा पट्टा मागं पडला, मग कुसळी गवत, तरवडाची झुडपं, दगड. पोर माझ्या मांडीवर झोपली होती. दुपारी माळावर तीन पालं दिसली. ठकूबाई चुलीपुढं होती. तिचा मुलगा, दोन वर्षांचा, कोकराच्या गळ्यात हात घालून उभा होता. मी आधी त्यालाच पाहत राहिले. दोन वर्षं मी त्या बाळाचं नाव मनातसुद्धा काढलं नव्हतं, या भीतीनं की ते नसेल.

आबांनी डोक्यावरचं मुंडासं काढून हातात घेतलं. "ठकूबाई, माजं चुकलं. तू दाखवत हुतीस, म्या बगितलं न्हाय."

मी म्हणाले, "चूक त्यांची नाही. मी खोटं बोलले."

ती उठली नाही. लाकूड पुढं सारत म्हणाली, "मला कशाला सांगता? मला ठावंच हाय. त्यास्नी सांगा." तिनं पालापलीकडं हात केला. तिथं बिरू आणि दोन गडी लोकर कातरत बसले होते. "त्या दिशी कालव्याला उतरलो. तितं आमचे भाऊबंद भेटले, समदे म्हनले, तुमच्या शेळीनं नाव घालवलं. म्या रडून सांगत हुते, शेळी आत गेलीच न्हाय. ह्यो म्हनला, शिकल्याली बाई खोटं कशाला बोलंल? दुसऱ्या दिशी माजी तांबडी शेळी बाजारात न्हेऊन इकली. माज्या म्हायेरची. म्या आडवी झाले, तरी इकली. तवापासनं म्या काय बी बोलले, की ह्यो म्हनतो, तुजं काय खरं."

मी पालापलीकडं गेले. परक्या पुरुषांपुढं उभं राहून बोलायची ती माझी पहिली वेळ. पदर धरून, पोर कडेवर घेऊन, मी सगळं सांगितलं. कात्रीपासून तांब्यापर्यंत. बिरूच्या हातातली कातर तशीच राहिली. त्याच्या गुडघ्यात धरलेली मेंढी अर्धी कातरलेली होती.

तो म्हणाला, "पर शेळी तर गेली."

आणि बायकोकडं पाहिलं. ती चुलीवरचं भगुणं उतरवत होती. तिनं वर पाहिलं नाही.

आबा म्हणाले, कार्तिकात रान मोकळं आहे, या. बिरू म्हणाला, औंदा दुसरीकडं बोली झालीय. पुढंही ते आले नाहीत. आबांनी मात्र त्यानंतर कुठल्याच धनगराला नाही म्हटलं नाही.

निघताना ठकूबाईनं आम्हाला गुळाचा चहा दिला. आधी आबांना, मग मला. माझ्या पोरीच्या तळव्यांना हात लावून पाहिला, थंड आहेत म्हणाली, आणि आपल्या घोंगडीचा कोपरा तिच्या पायांवर ओढला. मी चहा प्यायले. वाटी परत घेताना तिनं माझ्याकडं नीट पाहिलं. तापातून उठलेल्या माणसाला विचारावं तशा आवाजात तिनं विचारलं,

"आता बरं वाटतंय का, वैनी?"

त्यात टोमणा नव्हता. टोमणा असता तर काही तरी उत्तर देता आलं असतं. मी मान खाली घालून गाडीत जाऊन बसले.